धरणाच्या माहितीपटाला जुने फुटेज पुरवताना: प्रकल्प नोंदी

एका खाजगी संग्रहातली १६ मिमी रिळे आणि व्हिडिओ टेप एका माहितीपटासाठी काढून द्यायचे काम हाती आहे. विषय एका धरणाचे बांधकाम आणि त्यात पाण्याखाली गेलेली गावे. करारामुळे धरणाचे आणि चित्रपटाचे नाव इथे येणार नाही. ज्यांच्याकडे असे डबे पडून आहेत आणि ज्यांना कधीतरी एखादा निर्माता "तुमच्याकडे जुनं काही आहे का" असे विचारणार आहे, त्यांच्यासाठी या नोंदी ठेवतो आहे.

३ जून

दिग्दर्शिकेची यादी आली. "बांधकाम, मजूर, गाव, पूर, उद्घाटन." एवढ्यावर शोध सुरू केला तर महिना जातो आणि हाती लागते ते नको असते. म्हणून फोनवर बसून एकेक ओळ सोडवून घेतली. पूर म्हणजे पावसाळ्यात नदीला आलेला, की दरवाजे उघडल्यावर खाली आलेला? गाव नांदते हवे, की उठून जातानाचे?

त्यातून तक्ता केला. काय दिसायला हवे, कोणत्या काळातले, आणि तिसरा रकाना: त्याच ठिकाणचे हवेच का? हा तिसरा रकाना भरून घेतल्याशिवाय डबा उघडायचा नाही. "साधारण असं चालेल" आणि "हेच हवं" यांत परवान्यापासून पडद्यावरच्या ओळीपर्यंत सगळा फरक पडतो. दिग्दर्शिकेने पुराच्या ओळीपुढे "हेच हवे" लिहिले. गावापुढे "त्या खोऱ्यातले कुठलेही चालेल".

संपादकालाही त्याच दिवशी विचारून ठेवले: टाइमलाइन सेकंदाला किती फ्रेमची? २५. चित्रपट कशात पूर्ण होणार? ३८४० बाय २१६० मध्ये. जुने ४:३ चित्र दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या सोडून ठेवणार, की वर-खाली कापणार? ते अजून ठरलेले नाही म्हणाले. मग पूर्ण चौकट द्यायची, कापायचे तर त्यांनी कापावे.

५ जून

डबे उघडले. तिसऱ्या डब्यातच व्हिनेगरचा वास. अॅसिटेट फिल्मचा पाया, म्हणजे चित्राचा थर ज्यावर असतो ती प्लास्टिकची पट्टी, ओलाव्याने आणि उष्णतेने फुटू लागला की अॅसिटिक आम्ल सुटते, आणि सुटलेले आम्ल तोच बिघाड आणखी वेगाने पुढे नेते. डब्यांत ए-डी पट्ट्या ठेवल्या. निळी पट्टी हिरवी, मग पिवळी होत जाते, त्यावरून बिघाड कुठवर गेलाय ते कळते. २४ तास तरी ठेवाव्या लागतात. वास येणारी रिळे वेगळ्या खोलीत नेली, कारण ती वाफ शेजारच्या चांगल्या रिळांनाही लागते.

एका कोपऱ्यात ३५ मिमीचा जुना डबाही निघाला. १६ मिमी फिल्म १९२३ पासून सेफ्टी, म्हणजे सहज न पेटणाऱ्या, पायावरच आली, तिची भीती नसते. ३५ मिमी मात्र १९५० च्या आसपासपर्यंत नायट्रेट असू शकते, आणि नायट्रेट एकदा पेटले की पाण्याखालीही जळत राहते. तो डबा उलगडलासुद्धा नाही. ज्यांच्याकडे नायट्रेट हाताळायची सोय आहे अशा संस्थेला कळवले.

फिल्म किती आक्रसली, म्हणजे तिचे आकुंचन, मोजायला खास उपकरण नसेल तर पोलादी पट्टी पुरते. १६ मिमीच्या नव्या प्रिंटच्या कडेची १०० भोके म्हणजे ७६२ मिमी लांबी. बांधकामाच्या रिळाची १०० भोके ७५४ मिमी भरली, म्हणजे एक टक्क्याहून किंचित जास्त आकुंचन. अशी फिल्म दातेरी चाकाच्या प्रोजेक्टरवर चढवली तर भोके फाटतात. "जरा लावून बघू, काय आहे ते कळेल" असा आग्रह निर्मात्याकडून झाला. नकार दिला. हातावर गुंडाळत, खालून दिवा देत, भिंगातून पाहिले. वेळ लागतो, पण फिल्म शाबूत राहते.

६ जून

आजचा पूर्ण दिवस एकाच रिळावर गेला.

डब्यावर जाड पेनाने लिहिलेले: "पायाभरणी, १९५४". दिग्दर्शिकेचा सगळा पहिला भाग याच रिळाच्या भरवशावर लिहिलेला आहे. निवेदनात १९५४ साल आले आहे.

कोडॅकच्या फिल्मच्या कडेला, SAFETY या छापाजवळ, वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा बारीक खुणा असतात. त्या फिल्म कोणत्या वर्षी बनली ते सांगतात आणि दर २० वर्षांनी पुन्हा येतात. या रिळाच्या कडेला एकटा चौकोन दिसला, पांढरा. त्याच कडेवर एकटा त्रिकोण, काळा. हा रंगाचा फरक महत्त्वाचा आहे. रीळ प्रिंट असेल तर काळी खूण प्रिंटच्या स्वतःच्या फिल्मची, आणि पांढरी खूण निगेटिव्हवरून छापून आलेली. एकटा चौकोन म्हणजे १९३७, १९५७ किंवा १९७७. एकटा त्रिकोण म्हणजे १९३८, १९५८ किंवा १९७८. म्हणजे निगेटिव्ह १९५७ ची आणि तिची प्रिंट १९५८ च्या फिल्मवर. नाहीतर दोन्ही २० वर्षे पुढची.

१९५४ कुठल्याच हिशेबात बसत नाही. १९५७ मध्ये बनलेल्या फिल्मवर १९५४ चे चित्रीकरण होऊ शकत नाही.

मग १९५७ की १९७७? त्यासाठी चित्राकडे जावे लागले. भिंत अर्धी उभी आहे, सांडव्याचे खांब अजून यायचे आहेत. दिग्दर्शिकेकडे असलेल्या बांधकामाच्या वार्षिक अहवालांत भिंतीची ही उंची कोणत्या हंगामात गाठली ते दिलेले आहे. १९७७ मध्ये धरण भरून वाहत होते. तेव्हा चित्रीकरण १९५७ च्या अखेरीपासून १९५८ च्या पावसाळ्याच्या आत कधीतरी. याहून बारीक सांगता येणार नाही, आणि सांगूही नये.

डबा दुसऱ्याच रिळाचा असावा. डबे अदलाबदल होतात, रीळ फुटले की रिकामा डबा कामी येतो, लेबल तसेच राहते. डब्याचा इतिहास वेगळा आणि रिळाचा वेगळा, असे धरूनच चालावे.

दिग्दर्शिकेला फोन केला. बराच वेळ त्या काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "लेबलावर लिहिलंय ना, मग आपण तेच धरलं तर?" लेबलाचे छायाचित्र आणि कडेच्या खुणांचे छायाचित्र, दोन्ही पाठवले. पायाभरणीचा प्रसंग आता त्यांना वर्तमानपत्रातल्या छायाचित्रांवर उभा करावा लागेल. निवेदनाचे दोन परिच्छेद बदलणार. त्यांना त्रास झाला हे खरे आहे, पण चित्रपट पडद्यावर गेल्यावर एखाद्या निवृत्त अभियंत्याने उठून हे दाखवून दिले असते तर त्याहून मोठा झाला असता.

९ जून

साफसफाई आणि जोड. फिल्म-सिमेंटने, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावणाने, केलेले जुने जोड हात लावताच सुटत होते. टेपने केलेल्या जोडांचा गोंद बाहेर येऊन पुढच्या वेटोळ्याला चिकटला होता. तो ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने, कापसाच्या बोळ्याने, आधी कडेला एका ठिकाणी तपासून मग काढला. सुटलेल्या प्रत्येक जोडाची जागा फुटांत लिहून ठेवली, नाहीतर शॉटचा क्रम कायमचा जातो.

वेळेचा अंदाज बांधायला: १६ मिमीमध्ये एका फुटात ४० फ्रेम. सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने १०० फूट म्हणजे २ मिनिटे ४७ सेकंद, ४०० फूट म्हणजे ११ मिनिटे ७ सेकंद. निर्मात्याला रिळांची संख्या सांगू नका, मिनिटे सांगा. डब्यांचा ढीग पाहून सगळ्यांनाच तासन्‌तास फुटेज आहे असे वाटते.

१३ जून

स्कॅनिंगला दिलेली पहिली खेप परत आली आणि ती नाकारावी लागली.

बांधकामाच्या रिळात सुरुंगाचा शॉट आहे. डोंगराचा कडा उडतो, दगडांचे तुकडे हवेत उडतात. स्कॅन पाहिला तर धूर आहे, धक्का आहे, पण बारीक दगड एकही नाही. भिंगातून पाहिलेले तुकडे फाइलमधून नाहीसे. लॅबने विचारल्याशिवाय आपोआप धूळ काढणारी प्रक्रिया लावली होती. ती प्रक्रिया एकाच फ्रेममध्ये दिसून पुढच्या फ्रेममध्ये नसलेली प्रत्येक गोष्ट कचरा समजते आणि शेजारच्या फ्रेममधून भरून काढते. उडणारा दगड, वेल्डिंगची ठिणगी, पावसाचा थेंब, सगळे त्यात जाते. शिवाय चौकट आत कापली होती, त्यामुळे कडेच्या खुणा स्कॅनमध्ये नाहीतच.

मूळ स्कॅन जपून ठेवलेला नव्हता. पूर्ण रीळ पुन्हा चालवावे लागले. आकुंचन पावलेल्या फिल्मला प्रत्येक फेरी सोसत नाही, त्यामुळे हे नुकसान केवळ वेळेचे नव्हते.

आता कामाच्या पत्रावर या ओळी छापून दिल्या: दातेरी चाक नसलेले स्कॅनर. भोके आणि कडा दिसतील इतकी मोठी चौकट. धूळ, ओरखडे, स्थिरता, दाणे यांवर कोणतीही प्रक्रिया नाही. रंग सपाट, काळे-पांढरे टोक कापलेले नको. फ्रेममागे फ्रेम, एकही वाढवायची किंवा गाळायची नाही. सफाई करायचीच असेल तर ती नंतर, वेगळ्या प्रतीवर, शॉट पाहून.

आकाराचा हिशेब आधी करून ठेवा. २०४८ बाय १५५६, १० बिट डीपीएक्स (दर फ्रेमची वेगळी चित्र-फाइल) म्हणजे एक फ्रेम सुमारे १२.७ एमबी. ४०० फुटांच्या १६,००० फ्रेम म्हणजे साधारण २०० जीबी, आणि प्रती निदान दोन. निर्मात्याच्या अंदाजपत्रकात हार्ड डिस्क हा शब्दच नव्हता.

१५ जून

गावाचे रीळ. हौशी माणसाने घेतलेले, रिव्हर्सल (निगेटिव्ह नसलेली, थेट पाहता येणारी फिल्म), आवाज नाही. २५ च्या वेगाने पाहिले की माणसे तुरुतुरु पळतात. संपादक म्हणाले, जुन्या काळातलं असंच दिसतं, राहू द्या. मला ते पटत नाही. आपले घर सोडून निघालेली बाई डोक्यावर बोजा घेऊन चालते आहे, तिला पळताना दाखवणे हा तिच्यावर अन्याय आहे.

कॅमेऱ्याचा वेग कुठेही लिहिलेला नव्हता. एका शॉटमध्ये घर उतरवताना वरून दगड खाली टाकतात. शेजारी माणसे उभी आहेत, त्यांच्यावरून उंची साधारण ५ मीटर. एवढ्या उंचीवरून पडायला १ सेकंद लागतो. दगड सुटल्यापासून जमिनीला लागेपर्यंत १६ फ्रेम मोजल्या. म्हणजे वेग १६ च्या आसपास, आणि त्या काळच्या घरगुती १६ मिमी कॅमेऱ्यांचा तोच नेहमीचा मूक वेग. १०० फुटांचे रीळ २ मिनिटे ४७ सेकंदांचे नव्हे, ४ मिनिटे १० सेकंदांचे ठरले.

फाइल देताना फ्रेम होत्या तशाच दिल्या आणि नावातच "१६ फ्रेम" लिहिले. सोबत २५ च्या टाइमलाइनवर फ्रेम पुन्हापुन्हा घेऊन बसवलेली पाहण्याची प्रत. मधल्या फ्रेम कल्पनेने तयार करणारे सॉफ्टवेअर वापरू नका असे संपादकांना कळवले. त्यात पाय वितळल्यासारखे दिसतात.

१९ जून

टेपचे काम सुरू. यू-मॅटिक आणि बीटाकॅम एसपी. यू-मॅटिक १९७१ मधली, बीटाकॅम एसपी १९८६ मधली. या दोन्हींचे चालू डेक, म्हणजे टेप चालवणारी यंत्रे, मिळणे हेच आता खरे काम आहे. पहिल्या डेकचा पिंच रोलर (टेप दाबून ओढणारा रबरी रूळ) कडक होऊन चकाकत होता, टेप ओढताना तिरकी जात होती. त्यावर काहीच चालवले नाही.

दुसऱ्या डेकवर पहिलीच टेप थोडी चालून किंचाळू लागली आणि चित्र गेले. टेप वाचणाऱ्या हेडवर तपकिरी लेप. टेपवरचा चुंबकीय थर धरून ठेवणारा बाइंडर ओलावा शोषून चिकट झालेला. अशी टेप नेटाने पुढे चालवली तर ऑक्साइड सुटते, म्हणजे चित्रच सुटून येते. तापमान नीट राखणाऱ्या उपकरणात ५० ते ५५ अंशांवर काही तास ठेवून, थंड होऊ देऊन मग चालवतात. ते तज्ज्ञाकडून करून घेतले. घरच्या ओव्हनमध्ये हे करू नये, त्याचे तापमान भरकटते. भाजलेली टेप काही आठवडेच ठीक राहते, त्यामुळे डेक, कॅप्चर कार्ड, डिस्क सगळे तयार असल्याशिवाय भाजायला द्यायची नाही.

टेपच्या सिग्नलची डळमळ सावरणारा टाइम बेस करेक्टर मध्ये जोडला. कॅप्चर ७२० बाय ५७६, इंटरलेस्ड (प्रत्येक फ्रेम एकाआड एक ओळींच्या दोन फील्डमध्ये विभागलेली), १० बिट, एफएफव्ही१ मध्ये. एफएफव्ही१ चित्रातले काहीही न गमावता जागा वाचवते. संपादनाला सोयीच्या प्रोरेस स्वरूपातली वेगळी प्रत. चित्राच्या तळाशी हेड बदलतानाची वेडीवाकडी पट्टी दिसते, ती मूळ प्रतीत तशीच ठेवली.

संपादकांकडे गेलेल्या चाचणी फाइलमध्ये दोन घोटाळे झाले. एक, ४:३ चित्र १६:९ मध्ये ताणले गेले. माणसांकडे पाहून लगेच लक्षात येत नाही, पण नियंत्रण कक्षातली मापकाची गोल तबकडी अंडाकृती झाली होती. दोन, इंटरलेस्ड चित्र तसेच २५ प्रोग्रेसिव्ह टाइमलाइनवर टाकल्याने हलत्या कडांना कंगव्यासारखे दात आले. डीइंटरलेस करताना, म्हणजे दोन फील्डमधून पूर्ण फ्रेम बनवताना, फील्डचा क्रम चुकला तर हालचाल पुढे-मागे लडखडते. पाल या आपल्याकडच्या टीव्ही पद्धतीत डीव्ही टेपचा क्रम खालची फील्ड आधी, बाकी बहुतेकांचा वरची आधी. प्रत्येक फाइलसोबत फील्डचा क्रम आणि पिक्सेलचे प्रमाण लिहून देतो आहे. ऐकीव सवयीवर सोडले की हेच होते.

आवाजाबद्दल एक गोष्ट. बीटाकॅमच्या पहिल्या चॅनेलवर निवेदन आणि संगीत, दुसऱ्यावर जागेवरचा आवाज: यंत्रे, हाका, पाणी. दोन्ही एकत्र करून कॅप्चर केले असते तर त्या संगीताचे हक्क सोडवल्याशिवाय पाण्याचा आवाजही वापरता आला नसता. चॅनेल कायम वेगळे ठेवा.

२४ जून

स्क्रीनर, म्हणजे शॉट निवडण्यासाठी पाहायच्या प्रती, पाठवले: हलक्या फाइल, वर क्लिप क्रमांक, टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा वेळ-क्रमांक) आणि वॉटरमार्क. स्क्रीनरचा टाइमकोड मूळ फाइलशी फ्रेमला फ्रेम जुळला पाहिजे. संपादन विभागात कुणीतरी सोयीसाठी स्क्रीनर दुसऱ्या कोडेकमध्ये बदलले, नावेही बदलली, आणि सगळ्यांचा टाइमकोड शून्यापासून सुरू झाला. चित्रावर छापलेला टाइमकोड होता म्हणूनच शॉट परत सापडतील. तो छाप नकोसा वाटतो, दिग्दर्शक काढून मागतात. देऊ नका.

२८ जून

हक्कांची कागदपत्रे. रीळ माझ्या कपाटात आहे म्हणून त्याचा कॉपीराइट माझा होत नाही. बांधकामाचे रीळ कंत्राटावर करून घेतलेले, तिथे कंत्राट पाहावे लागले. गावाचे रीळ ज्यांनी घेतले त्यांच्या वारसांची लेखी संमती घेतली. एका टेपचा मूळ मालक कोण ते शेवटपर्यंत सापडले नाही, तिच्यातला एकही शॉट दिला नाही. शॉट सुंदर होते.

"इतकं जुनं आहे, आता मोकळंच असेल" हे वाक्य प्रत्येक निर्माता म्हणतो. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षे. अमेरिकेत १९७८ पूर्वी प्रकाशित झालेल्यांना जास्तीत जास्त ९५ वर्षे. युरोपीय संघात मुख्य दिग्दर्शक, पटकथाकार, संवादलेखक आणि त्या चित्रपटासाठी संगीत देणारा यांपैकी शेवटचा माणूस गेल्यावर ७० वर्षे. एकच रीळ एका देशात मोकळे आणि दुसऱ्यात बांधलेले असू शकते. कधी प्रकाशितच न झालेल्या रशेसना, म्हणजे कच्च्या चित्रीकरणाला, तर प्रकाशनापासूनची मोजणी लागूच होत नाही.

दराबद्दल: शोध, स्कॅनिंग आणि कॅप्चर यांचा खर्च वापराशी जोडू नका. तो आधी आणि वेगळा घ्या. शॉट शेवटच्या कटमध्ये राहिला नाही तरी तास गेलेलेच असतात. परवाना वापरलेल्या सेकंदांवर, किमान मर्यादेसह, आणि कोणता प्रदेश, कोणते माध्यम, किती वर्षे हे स्पष्ट लिहून. छोट्या निर्मात्याला जगभर, सर्व माध्यमांत, कायमसाठी असा परवाना सुरुवातीला परवडत नाही. त्यांना महोत्सवांपुरता परवाना दिला आणि पुढे प्रसारण किंवा ओटीटी झाल्यास किती द्यायचे ते आजच करारात लिहिले. चित्रपट गाजल्यावर वाटाघाटीला बसणे दोघांनाही जड जाते.

३ जुलै

पुराचा शॉट.

संग्रहात रात्रीच्या पुराची एक यू-मॅटिक टेप आहे. कंदील, दोर, पाण्यात अर्धी बुडालेली घरे. विलक्षण चित्रीकरण. पण ते या नदीचे नाही. टेपसोबतच्या कागदावर दुसऱ्या खोऱ्याचे नाव आहे, आणि सालही सात वर्षांनी वेगळे. स्क्रीनरवर हे लिहिलेले होते. तरी कच्च्या कटमध्ये हा शॉट नेमका धरणाचे दरवाजे उघडल्याच्या रात्रीवर, वाचलेल्या एका आजोबांच्या आवाजाखाली बसवलेला.

दिग्दर्शिकेचे म्हणणे असे: त्या रात्रीचे चित्रीकरण कुणीच केलेले नाही, आजोबांचे बोलणे खरे आहे, पाणी सगळीकडे सारखेच असते. त्यांचा हेतू स्वच्छ आहे हे मला माहीत आहे. तरी पटेना. त्या टेपमध्ये चेहरे आहेत. ती माणसे दुसऱ्या गावची, त्यांचे नुकसान वेगळे, त्यांना बुडवणारे कारण वेगळे. त्यांच्या घरांवर या धरणाचा दोष चिकटवला की धरणाविरुद्धचे खरे पुरावेही संशयात येतात. उद्या कुणी एक शॉट खोटा ठरवला की आजोबाही खोटे ठरतात.

तीन जूनचा तक्ता पुढे ठेवला. "हेच हवे" हे त्यांनीच लिहिले होते. परवान्यात एक अट घातली: हा शॉट वापरायचा तर पडद्यावर ठिकाण आणि साल दिसले पाहिजे, नाहीतर शॉट मागे. त्या रागावल्या. दोन दिवसांनी स्वतःच फोन केला. आता आजोबा बोलताना पडद्यावर आजोबाच आहेत, आणि त्यानंतर उतरलेल्या पाण्याचे आमच्याच टेपमधले दिवसाउजेडीचे खरे शॉट. पुराची टेप चित्रपटाबाहेर. त्या परवान्याचे पैसे गेले, ती टेप सर्वांत महाग सेकंदांची होती.

८ जुलै

संपादनातून एक फाइल दाखवायला आली, गावाच्या वेशीवरची पाटी एआयने धारदार केलेली. लांबून छान. जवळून पाहिले तर पाटीवर कुठल्याच लिपीतली नसलेली अक्षरे, आणि पाटीखाली बसलेल्या मुलाला कधीही नसलेले डोळे. मूळ चित्रात पाटी अस्पष्ट आहे, पण गावाचे नाव वाचता येते. ते नाव आता फक्त या फिल्मवर उरले आहे.

आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या संघटनेने २०२४ मध्ये माहितीपटांतल्या जनरेटिव्ह एआयबद्दल मार्गदर्शक सूचना काढल्या, त्या संपादकांना पाठवल्या. करारात जोडले: चित्रातला मजकूर किंवा चेहरा बदलेल अशी कोणतीही प्रक्रिया लेखी परवानगीशिवाय नाही. साधे मोठे करणे, ग्रेडिंग, हाताने काढलेली धूळ यांना हरकत नाही.

१४ जुलै

कट लॉक, म्हणजे संपादन पक्के झाले. वापरलेल्या शॉटची यादी आली. बदललेल्या नावांमुळे यंत्राने काहीच जुळवले नाही, चित्रावर छापलेला टाइमकोड वाचून एकेक शॉट शोधला. प्रत्येक शॉटला दोन्ही टोकांना ५० फ्रेम जादा दिल्या. शेवटच्या क्षणी डिझॉल्व्ह (एक शॉट दुसऱ्यात विरघळणे) लागतातच.

प्रत्येक फाइलचा एमडी५ चेकसम, म्हणजे फाइल बदलली तर बदलणारा आकडा, काढून यादीत. निर्मात्याकडे पोचल्यावर त्यांनी पुन्हा काढून जुळवला, एका फाइलचा जुळला नाही. उघडत होती, चालतही होती. मधेच काही फ्रेम हिरव्या झाल्या होत्या. चेकसम नसता तर हे थेट पडद्यावर दिसले असते.

फाइलसोबतच्या तक्त्यात: क्लिप क्रमांक, मूळ माध्यम, चित्रपटातला इन-आउट, मूळ फाइलमधला इन-आउट, सेकंद, काय दिसते, कुठे, केव्हा, आणि "केव्हा" कशावरून. हा शेवटचा रकाना इतर कुणाच्या तक्त्यात पाहिलेला नाही. बांधकामाच्या रिळापुढे लिहिले: "१९५७-५८. कडेच्या खुणा आणि भिंतीची उंची यांवरून. डब्यावरील १९५४ चुकीचे." संशोधकाला पुढे शंका घेता यावी म्हणून कारण लिहायचे.

२२ जुलै

पूर्ण झालेली प्रत पाहिली, यादी हातात घेऊन. एका ठिकाणी वॉटरमार्क पुसट कापून स्क्रीनरचाच शॉट राहिला होता, अर्ध्या सेकंदापेक्षाही कमी. आणखी एका शॉटची यादीत नोंदच नव्हती, तो मोजून परवान्यात घातला. श्रेयनामावलीत गावाचे रीळ घेणाऱ्यांचे नाव चुकीचे लिहिले होते, ते दुरुस्त करून घेतले. त्यांच्या मुलीला प्रत पाठवायची हे करारात होते, पाठवली.

२६ जुलै

रिळे हवा खेळती राहील अशा प्लास्टिकच्या डब्यांत गेली. वास येणारी थंड कोठाराच्या रांगेत. जुनी लेबले फेकलेली नाहीत, प्रत्येक नव्या डब्यात जुन्या लेबलाचे छायाचित्र आहे.

उरलेल्या टेप आता क्रमाने लावतो आहे. मॅग्नेटिक टेपचे डिजिटायझेशन २०२५ च्या आसपास हाताबाहेर जाईल असा इशारा युनेस्को आणि आयएएसए (ध्वनी व दृकश्राव्य संग्रहांची आंतरराष्ट्रीय संघटना) यांनी २०१९ मध्ये दिला होता. डेकच्या दुरुस्तीला सुटे भाग शोधताना तो रोज अनुभवास येतो. डेकमधल्या हेड ड्रमचे (हेड बसवलेल्या फिरत्या भागाचे) जितके तास उरलेत तितकेच काम होणार, म्हणून मागणी कशाला आहे हे बघत नाही. आधी यू-मॅटिक, त्यातही ज्यांची दुसरी प्रत कुठेच नाही त्या. मग हाय-८. ज्यांच्या कागदांवर ठिकाण आणि साल लिहिलेले आहे त्या टेप मागे ठेवल्या आहेत. ज्यांच्यावर काहीच लिहिलेले नाही त्या पुढे, कारण त्यांत काय आहे ते ओळखू शकणारी माणसे आता ऐंशीच्या पुढची आहेत. पहिल्या कॅप्चरची पाहणी त्यांच्यासोबत बसून करायची ठरली आहे, सोमवारपासून.